होडीघरावरची चादर

दार लोटा, आणि मध्ये कुणी खिदळायचं नाही. एइलीफ माझा शेजारी. जे सांगतोय ते त्याच्याच तोंडून ऐकलंय.

ऑक्टोबरातला पहिला शनिवार. सुट्ट्या संपून फ्योर्डकाठची, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या समुद्राच्या खाडीकाठची घरं एकेक करून बंद होत होती. एइलीफही म्हाताऱ्या आईला घेऊन आपलं घर आवरायला आला होता. दुपारी त्यानं चादर धुतली आणि होडीघराच्या पाण्याकडच्या भिंतीवर वाळत घातली. शहरात वाढलेला माणूस, त्याला काय कल्पना!

शेजारच्या घरातली गुनव्होर म्हातारी काठी टेकत आली. "अंधार पडायच्या आत काढ रे ती," म्हणाली. रस्ता नव्हता तेव्हा या काठावर कुणी गेलं, की तिथंच पांढरी चादर लावत. ती बघून समोरून नावाडी येई, प्रेत पलीकडच्या चर्चला नेई. आणि रिकाम्या नावेनं तो कधी परतत नसे.

"आला तर कॉफी पाजून पाठवीन," एइलीफनं टर उडवली.

मग माशाचं कालवण झालं, आईशी गप्पा झाल्या, आणि चादर राहूनच गेली. आठवली तेव्हा मध्यरात्र उलटली होती. बॅटरी घेऊन तो खाली उतरला.

वारा पडलेला. पाणी काळंभोर.

चुबुक... चुबुक...

वल्ही. कुणीतरी सावकाश येत होतं.

त्यानं चादर ओढून काढली. आवाज थांबला. त्याला हायसं वाटलं.

मग अगदी जवळ, गोट्यांवर नावेचा तळ घासला. त्यानं उजेड टाकला. नाव नव्हती.

तो मागे वळला. धक्क्याच्या टोकाला आई उभी होती. एक पाय उचललेला... नावेत ठेवतात तसा. पुढे नुसतं पाणी.

धावत जाऊन त्यानं तिला कवटाळलं. ती ओढली जात होती.

"सोड रे," आई हळूच म्हणाली. "ते खोळंबलेत."

"नाही सोडणार."

...

ओढ सैल पडली. वल्ही पुन्हा वाजली. दूर जाऊ लागली. आईचा एक पाय अनवाणी होता.

सकाळी रविवारची प्रार्थना होती. गुनव्होर पलीकडे गेली, तर चर्चच्या पायरीवर आईची लोकरी सपात. कोरडी ठणठणीत.

एइलीफनं ते घर विकलं. आई अजून आहे, शहरात त्याच्यापाशीच असते. पण उरलेली सपात टाकू देत नाही. रोज रात्री दाराशी ठेवते...

टोक बाहेरच्या बाजूला करून.