रेवाची आई विरुद्ध खांबावरची शैला

“कवच माणसाला पडू देत नाही असं नाही, ऋजुता. पडलेलं कळू देत नाही, एवढंच.”

डॉ. नफीसा तांबोळी हे म्हणाल्या तेव्हा ऋजुताने हसून विषय बदलला होता. काचेपलीकडे पक्षाघातातून सावरणारी माणसं आपापल्या पडद्यांसमोर खेळत बसली होती. त्यांच्या चेहऱ्यांवर तिला आपल्या युक्तीचा पुरावा दिसत होता, आणि समोर पुरावा असताना इशारे कोण ऐकत बसतं?

नाशिकच्या त्या पुनर्वसन प्रयोगशाळेत मेंदूतज्ज्ञ ऋजुता कानडे आणि गणिती नफीसा तांबोळी यांनी मिळून ‘झडप’ हा खेळ बनवला होता. पडद्यावर आकृत्या येत आणि जात. आधी दिसून गेलेली आकृती पुन्हा आली की प्रतिस्पर्ध्याच्या आधी तिच्यावर बोट टेकवायचं. प्रतिस्पर्धी दुसऱ्या गावात बसलेला, खराखुरा माणूस. रोज खेळणाऱ्याच्या मेंदूत नव्या वाटा पडतात, गमावलेली चपळाई हळूहळू परत येते, इथपर्यंत सगळं सिद्ध झालं होतं. जिंकत गेलं की श्रेणी वाढे. कोंबाचं रोप, रोपाचं झाड, झाडाचा वड.

अडचण उतरणीची होती. चार डाव हरून झाडाचं पुन्हा रोप झालं की माणूस दुसऱ्या दिवशी पडद्यासमोर बसतच नसे. मनमाडच्या एका निवृत्त स्टेशनमास्तरांनी टॅब्लेट पलंगाखाली सारला होता आणि वर पायपुसणं टाकलं होतं.

ऋजुताला तिच्या धाकट्या भावाच्या ऑनलाइन खेळांतली एक सोय आठवली. त्या खेळांत नव्या श्रेणीत पोचलेल्याला थोडे दिवस अभय असतं. तो हरला तरी श्रेणी लगेच उतरत नाही. तिने त्याला ‘अवनतिरोधक कवच’ असं भारदस्त नाव दिलं आणि ते आपल्या खेळात घालायचं ठरवलं.

“तिकडे कवच चारदोन हारींचं असतं,” नफीसा म्हणाल्या. “मग ते फुटतं. तू कधीच न फुटणारं मागतेयस.”

“तिकडे कोणी व्यायाम म्हणून खेळत नाही, मॅडम. मला माणसं रोज बसायला हवीत.”

“आणि खरी पातळी?”

“ती आत आहेच की.”

ती आत होती, हे खरं. प्रत्येक खेळाडूचे दोन आकडे असत. एक दर्शनी श्रेणी, जी सगळ्यांना दिसे आणि कवचामुळे फक्त वर जाई. दुसरा अंतर्गुण. तो प्रत्येक डावाबरोबर वरखाली होई, पण कोणालाही दिसत नसे. यंत्र त्याच्याच आधारे जोड्या लावी. ज्यांचे अंतर्गुण सारखे, त्यांचा डाव. नफीसांनी तिला नाव दिलं होतं ‘समबळ जुळणी’. डाव अटीतटीचा झाला तरच मेंदूला व्यायाम होतो, म्हणून ती हवीच होती.

“म्हणजे माणूस कितीही घसरला, तरी त्याला त्याच्याइतकाच घसरलेला गडी मिळणार,” नफीसा म्हणाल्या. “श्रेणी तीच. जिंकायचं प्रमाणही तेच, साधारण निम्मं. मग त्याला कळायचं कशावरून?”

“समोर कोण आलंय त्यावरून.”

“समोर टोपणनाव असतं गं.”

“मॅडम, तुम्ही आकड्यांची काळजी करा. माणसांची मी करते.”

काळजी करण्यात ऋजुताचा हात कोणी धरला नसता. कवच आलं, आणि महिन्याभरात माणसं रोज खेळू लागली. स्टेशनमास्तरांचा टॅब्लेट पलंगाखालून बाहेर आला. रुग्णांना वेगळं पाडल्यासारखं वाटू नये म्हणून तिने त्यांचे नातेवाईक आणि प्रयोगशाळेतली माणसंही खेळात ओढली आणि कवच सरसकट सगळ्यांना दिलं. ती स्वतः पहिल्याच आठवड्यात वड झाली.

कवचाचं मर्म सर्वांत लवकर कळलं ते तिच्या सासूबाईंना. शैलजाबाईंनी शाळेत उभी हयात खो-खो शिकवला होता. मागच्या वर्षी मेंदूला झटका आला, डावा हात मंदावला, शब्द अडखळू लागले. त्या ‘खांबावरची शैला’ या नावाने झडप खेळत. ऋजुताने कवच समजावून सांगितलं तेव्हा त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

“म्हणजे लिंबूटिंबू.”

“तसं नाही हो आई.”

“तसंच आहे. लहान पोर खेळायला आलं की त्याला लिंबूटिंबू धरायचं. तो बाद झाला तरी बाद नाही. आपण डोळे मिचकावायचे, तो खुशीत पळत राहतो.” त्या जराशा थांबल्या, पुढचा शब्द शोधायला. “पण तो लिंबूटिंबू आहे, हे त्याला कोणी सांगत नसतं बरं का.”

“तुम्हाला मी सांगितलंय ना.”

“म्हणून तर राग आलाय.”

राग आला तरी त्या रोज खेळत. आणि मग रेवा जन्मली.

ऋजुताच्या दक्षतेला आता घरात भरपूर काम मिळालं. पाळण्यावर नजर ठेवायला कॅमेरा होता, तरी ती उठून श्वास बघून येई. आंघोळीच्या पाण्यात आधी तापमापक, मग कोपर, मग पुन्हा तापमापक. शैलजाबाई रेवाला मांडीवर घेत तेव्हा ऋजुता समोर बसून राही आणि तिचे डोळे त्या डाव्या हातावरून हलत नसत. रेवाला त्यांच्याजवळ एकटं सोडायचं नाही, हा नियम तिने कधी बोलून दाखवला नाही. पण घरात तो सगळ्यांना ठाऊक होता, शैलजाबाईंना सर्वांत जास्त. “पोरीचं माप काढतेस की माझं?” असं त्या एकदा म्हणाल्याही. दोनदा गॅसवर दूध जळून पातेलं काळं झालं. ऋजुताने शेगडीला आपोआप बंद होणारी कळ बसवून घेतली.  त्यानंतर शैलजाबाई गॅसपाशी गेल्याच नाहीत.

रेवा आठ महिन्यांची झाली आणि धुळ्याला नवं केंद्र उघडायचं ठरलं. ऋजुताला तिथे आठवडाभर राहावं लागणार होतं. नवरा सुनीत दापोलीसमोरच्या समुद्रात पवनचक्क्यांवर कामाला, महिनाआड घरी येणारा. तेव्हा प्रश्न एकच उरला. रेवा आईंजवळ राहू शकेल का?

तिने उत्तर शास्त्रीय पद्धतीने काढायचं ठरवलं. आईंची चपळाई धडधाकट माणसाइतकी झाली असेल तर हो, नाहीतर धुळं रद्द.

त्याच आठवड्यात, दुपारी रेवा झोपलेली असताना ऋजुताने स्वयंपाकघरात ‘रेवाची आई’ या नव्या टोपणनावाने डाव लावला. समोर नाव आलं, ‘खांबावरची शैला’. बाहेरच्या खोलीतून आवाज आला.

“अगं, ही रेवाची आई म्हणजे तूच ना?”

ऋजुताने दारातून बाहेर डोकावून पाहिलं. समबळ जुळणीने त्या दोघींना समोरासमोर आणलं होतं. डाव अटीतटीचा झाला. शैलजाबाई जिंकल्या आणि सावकाश म्हणाल्या, “खो.”

एका डावावरून निष्कर्ष काढणारी ती नव्हती. त्या वेळी दुसरं कोणी खेळत नसेल, म्हणून यंत्राने जवळचं कोणीतरी उचललं असेल, अशी शंका तिने आधी घेतली. मग गर्दीच्या वेळा निवडून पुन्हा पुन्हा डाव लावले. शेकडो खेळाडू हजर असतानाही यंत्र वरचेवर त्या दोघींचीच जोडी लावत होतं. कधी ही जिंके, कधी ती. शैलजाबाईंना तर चेवच चढला. सून हरली की जेवताना तिच्या ताटात मुद्दाम एक पोळी जास्त पडे, “ताकद कमी पडतेय” म्हणून.

सुनीतचा फोन आला तेव्हा ऋजुताने जाहीर केलं की आई माझ्या बरोबरीला आल्या. तिकडे वाऱ्यात तो काय बोलला ते नीट कळलं नाही, पण हसला हे कळलं. तिने धुळ्याची बॅग काढली. रेवाचे कपडे शैलजाबाईंच्या कपाटात लावून ठेवले. शैलजाबाई ते नुसत्याच बघत राहिल्या आणि पदराने चष्मा पुसू लागल्या.

शेवटची खात्री म्हणून, शैलजाबाईंच्या संमतीने, त्यांचा अंतर्गुण उघडायचं ठरलं. रेवाला घेऊन ऋजुता प्रयोगशाळेत गेली, तिला तिथल्या पाळणाघरात ठेवलं आणि नफीसांच्या खोलीत येऊन बसली.

पडद्यावर एक रेघ उमटली. सुरुवातीला चढ, आणि मग सपाट.

“छान सावरल्यात,” नफीसा म्हणाल्या. “दिवाळीपासून आकडा स्थिर आहे.”

“स्थिर नाही, वाढला असणार. त्या आता माझ्याशी खेळतात.”

नफीसांनी रेघ पुन्हा पाहिली. “नाही. दिवाळीपासून हललेला नाही.”

“मग जुळणी चुकतेय. ती आम्हाला समबळ म्हणते.”

“जुळणी बरोबर आहे.” नफीसांचा आवाज खाली आला. “जोडी जमायला दोन आकडे लागतात, ऋजुता. तू त्यातला एकच हलता धरलास.”

ऋजुताने खुर्ची पडद्याजवळ ओढली. 

“माझा उघडा.”

तिची रेघ उंचावर होती, रेवाच्या जन्मापर्यंत. तिथून ती कसाऱ्याच्या घाटासारखी उतरत आली होती आणि या महिन्यात शैलजाबाईंच्या रेघेला येऊन टेकली होती. रेघेवर श्रेणी हिरव्या अक्षरांत झळकत होती. वड. जिंकलेले डाव, निम्मे.

ती घाबरली नाही. तिने मुद्दे एकामागून एक मांडले, जणू दुसऱ्याच कोणाची तपासणी चालली होती. आठ महिने सलग झोप नाही. बाळंतपणानंतर काहींची थायरॉइड ग्रंथी मंदावते, विचार जड होतात. ते तपासायला हवं. दोन्हीवर उपाय आहेत. मग ती जळलेल्या पातेल्यांपाशी आली. दोन्ही वेळा दूध कोणी ठेवलं होतं, हे आठवायचा प्रयत्न केला आणि आठवेना. आईंनी ठेवलं असं तिने धरून चाललं होतं. आणि सर्वांत शेवटी तिने स्वतःचाच नियम स्वतःला लावला. या अंतर्गुणाच्या बाईजवळ रेवाला एकटं सोडायचं नाही. त्या बाईने आज सकाळी रेवाला मागच्या सीटवर बांधून, एकटीने, गंगापूर रोडच्या वाहतुकीतून गाडी चालवत आणलं होतं.

“किल्ली दे,” नफीसा म्हणाल्या. “मी सोडते दोघींना.”

ऋजुताने किल्ली टेबलावर ठेवली. 

घरी तिने सगळं सांगून टाकलं. आईंचा आकडा वाढला नाही हेही, आणि आपला कोसळला हेही. शैलजाबाई रेवाच्या पायाशी खेळत ऐकत होत्या.

“म्हणजे दूध तू जाळलंस?”

“बहुतेक.”

“आणि मी इतके दिवस गॅसला भिऊन बसलेय.” त्या रागावतील असं वाटलं, पण त्यांनी सुनेकडे नीट, वरपासून खालपर्यंत पाहिलं, शाळेच्या मैदानावर लंगडणारी मुलगी दिसली की पाहायच्या तसं. “जा, आडवी हो. पोर इथेच आहे. तांबोळीबाई थांबताहेत.”

मग उजव्या हाताने त्यांनी मुलाला फोन लावला. वाक्य जोडायला वेळ लागला, पण एकही शब्द वाया गेला नाही. “समुद्र कुठे पळून जात नाही. पहिल्या बोटीने ये. बायकोला झोप हवीय.”

ऋजुता दिवेलागणीपर्यंत झोपली. कोणाचा श्वास बघायला उठली नाही.

रक्ताच्या तपासणीत थायरॉइडचीच गडबड निघाली. गोळ्या सुरू झाल्या, सुनीत आला, धुळं पुढे गेलं. ऋजुता पुन्हा प्रयोगशाळेत रुजू झाली तेव्हा तिने कवच काढलं नाही. त्याच्यामुळे माणसं खेळत होती, आणि ती तिला खेळायलाच हवी होती. तिने एक भर घातली. श्रेणी तशीच राहील, पण अंतर्गुण फार घसरला तर यंत्र एका माणसाला गुपचूप कळवेल. ते कोणाला, हे खेळणाऱ्यानेच सांगायचं.

उत्तरं गोळा झाली तेव्हा नफीसांनी तिला बोलावून पडदा दाखवला. रुग्णांनी बहुतेक बायकांची नावं दिली होती. कोणी सुनेचं, कोणी लेकीचं, कोणी बायकोचं. स्टेशनमास्तरांनी नातसुनेचं.

“आणि या सुना-लेकींनी कोणाचं दिलंय?” ऋजुताने विचारलं.

“स्वतःचंच,” नफीसा म्हणाल्या. “यंत्र ते घेत नाही. मग त्यांनी जागा मोकळी ठेवलीय.”

त्या मोकळ्या जागा यंत्राला भरता येत नाहीत. त्या तुम्ही भरा. तुमच्या घरात कोणीतरी अशी असेलच, जी सगळ्यांच्या गोळ्यांच्या वेळा पाळते आणि जिला सगळे खंबीर म्हणतात. तिला ‘कशी आहेस’ एवढंच विचारून परतू नका. ‘मस्त’ हे उत्तर तिच्या तोंडी तयारच असतं. आज तिच्यासमोर बसा आणि एक डाव मांडा. पत्ते चालतील, कॅरम चालेल. आणि एरवी तुम्हाला हरवणारी ती आज सहज हरली, तर खुशीत उठून जाऊ नका.