आईचे दात

"गायींच्या गळ्यातल्या घंटा काढता येतील का... थोडा वेळ?"

नोटबुर्गा कुरणाच्या वाटेवर थबकली. कानांवर भलेमोठे हेडफोन लावून हा शहरी माणूस चक्क तिच्या गायींची तक्रार करत होता!

"त्यांनाच विचारा की!"

"विचारलं. मालकिणीकडे बोट दाखवलं त्यांनी."

ती हसली, आणि हसल्याचा तिला रागच आला. हा सेव्हेरिन, सिनेमाचा आवाज टिपणारा. शूटिंगसाठी बाबांनी आपलं स्वयंपाकघर दिलं होतं. मग तो रोज दुधाच्या निमित्ताने गोठ्यात येऊ लागला. एकदा त्याने हेडफोन तिच्या कानांवर ठेवले, तर तिला ऐकू आला फक्त त्याचा श्वास – अगदी जवळून. तिचे कान तापले.

शूटिंगच्या शेवटच्या दिवशी तो स्वयंपाकघरात म्हणाला, "आता या खोलीची नुसती शांतता टिपायची आहे, संवादांच्या मागे जोडायला. कोणी हलू नका, बोलू नका."

चुलीपाशी आई आणि बाबा असे गप्प उभे राहिले, की नोटबुर्गाच्या डोक्यात तिडीक गेली. सवयच होती त्यांना! दादाने शेती करायला नकार दिला, बाबांनी त्याला हाकललं, आणि तेव्हापासून या घरात त्याचं, कोर्बिनियानचं, नाव निघालं नव्हतं.

"दादा कुठे आहे?" ती ओरडली. "जिवंत तरी आहे का?"

"रेकॉर्डिंग चालू आहे," बाबा गुरगुरले.

"असू दे!"

आई पुटपुटली, "इन्सब्रुकला... बेकरीत. भेटते मी त्याला."

"कधी?"

"दातांच्या डॉक्टरकडे जाते ना..."

"म्हणजे तुझे दात?"

"चांगले आहेत."

बाबा दार आपटून निघून गेले.

"मी चर्चमध्ये त्याच्यासाठी मेणबत्त्या लावत होते, आई! आणि तू त्याच्या हातचा पाव खाऊन येत होतीस?"

आईने मान खाली घातली. पुन्हा तेच मौन! नोटबुर्गाने कोट उचलला आणि ती सरळ सेव्हेरिनच्या गाडीत जाऊन बसली.

"इन्सब्रुक!"

घाटात पाऊस भुरभुरत होता. तो चोरून तिच्याकडे बघायचा, तोंड उघडायचा... आणि मिटायचा.

"गप्पच बसायचं असेल तर गाडी थांबव," ती कडाडली. "गप्प माणसं घरी भरपूर आहेत माझ्या!"

त्याने खरंच गाडी थांबवली.

"मला तू आवडतेस," तो घाईघाईने म्हणाला. "घंटांच्या दिवसापासून."

"मोठ्याने!"

तो ओरडला. इतक्या जोरात, की खालच्या कुरणातल्या गायींनी माना वर केल्या.

"आता चल," डोळे पुसत ती म्हणाली. "दादालाही हे असंच ओरडून सांगायचं तू."