वाळूच्या टेकडीवरची मोजणी

तुम्ही विश्वास ठेवा नाहीतर नका ठेवू. माझं नाव मिर्का, आणि हे माझ्या सख्ख्या मावशीच्या बाबतीत घडलं आहे. यातलं एक अक्षरही मी पदरचं घातलेलं नाही.

गोष्ट गेल्या नोव्हेंबरची. सात तारीख. दुपारचे तीन. जागा, तुरोब्रुद गावाबाहेरची वाळूची टेकडी.

लुत्सिनामावशी तिथल्या शाळेत तीस वर्षं भूगोल शिकवायची. एकटी. घरात माणसांपेक्षा नकाशे जास्त.

तुरोब्रुद आधी आज आहे तिथे नव्हतं, हे तिथलं शेंबडं पोरही सांगेल. साडेसहाशे वर्षांपूर्वी ओल्शा नदीने जुनं गाव एका रात्रीत गिळलं. जे वाचले त्यांना राजाने उंचावर जागा दिली. दोरीने चौक मोजला, दोरीने घरांच्या जागा मोजल्या आणि नवं गाव बसवलं.

पण जुनं गाव नेमकं कुठे होतं? राजाच्या सनदेत त्याबद्दल एक शब्द नाही.

मावशी सांगायची, वाळूच्या टेकडीवर. नदी तेव्हा टेकडीला खेटून वाहायची, असं तिचं म्हणणं. तिने त्यावर चार वह्या भरल्या होत्या.

आणि मग इरेकला खापरं सापडली.

इरेक तिचा शाळेतला वर्गमित्र. जन्मभर सायकलवरून टपाल वाटलं. पुस्तकाला कधी हात लावला नाही. त्याच वर्षी वसंतात नदीकाठच्या त्याच्या कुरणात उंदरांनी माती उकरली, आणि त्या मातीत काळ्या मडक्यांचे तुकडे निघाले. शहरातून तज्ज्ञ आले. म्हणाले, जुनं गाव इथेच. पेपरात इरेकचा फोटो आला. नगरपालिकेने ठरवलं की कुरणात फलक लावायचा आणि त्यावर शोधणाऱ्याचं नाव घालायचं.

बेकरीच्या रांगेत इरेकने मावशीला गाठलंच.

"काय मास्तरीणबाई! तुझ्या वह्यांना तीस वर्षांत दिसलं नाही, ते माझ्या उंदरांनी एका रात्रीत काढलं!"

सगळी रांग हसली.

"उंदरांचंच नाव घाल मग फलकावर," मावशी म्हणाली. "तुझ्यापेक्षा त्यांनी जास्त कष्ट केलेत."

तोंडाने असं म्हणाली खरी, पण तळपायाची आग मस्तकात गेली होती. त्या रात्री ती जेवली नाही. फुकट्याला आयतं मिळालं, हे तिच्या पोटात ठसठसत राहिलं. मत्सर म्हणा, जळफळाट म्हणा. तिने स्वतःच मला नंतर सांगितलं. "मिर्का, तो मेला असता तर बरं झालं असतं, असंसुद्धा मनात आलं गं."

ऑगस्टमध्ये इरेक मुलीकडे ग्दान्स्कला गेला. तेवढ्यात मावशीने डाव साधला.

चार बादल्या खापरं. चुलीचे काजळलेले दगड. एक छोटं हाड, गुराचं असेल असं समजून तेही. सगळं तिने कुरणातून उचललं, हातगाडीवरून टेकडीवर नेलं आणि हातभर खोल पुरलं.

ऑक्टोबरमध्ये तिने तज्ज्ञांना पत्र लिहिलं. ते आले, वरवर खणलं, माना डोलावल्या. फलक टेकडीवर लावायचं ठरलं. नाव लागणार होतं लुत्सिनाचं.

इरेकने फक्त एवढंच विचारलं, "लुत्सिना, खरं सांग, तूच केलंस ना?"

"पुरावा दे," मावशी म्हणाली, आणि दार लावून घेतलं.

सात नोव्हेंबरला ती फलकाची जागा बघायला टेकडीवर गेली. धुकं होतं. दहा पावलांपुढचं दिसत नव्हतं.

आधी कावळे ओरडायचे थांबले.

टेकडीवर कावळे कायम असतात. तिला वाटलं, उडून गेले असतील.

मग खालून आवाज आला...

छप. छप. छप.

पाण्यातून कोणीतरी चालत होतं. एक नाही, बरेच. पण टेकडीखाली पाणी नाही. नदी तिथून दोन किलोमीटरवर आहे.

पावलं वर चढू लागली. ओले कपडे अंगाला चिकटून होतो तसा फटफट आवाज. मूल रडत होतं. कोणीतरी खोकत होतं.

दिसत मात्र कोणीच नव्हतं.

आवाज तिच्या भोवती येऊन थांबले. ओल्या राखेचा वास सुटला. आणि अगदी कानाशी... एका म्हाताऱ्या बाईचा आवाज. भाषा जुनी, चर्चमधल्या जुन्या प्रार्थनांसारखी. पण मावशीला कळली.

"चुली इथे आणल्यास. आता जागा दे."

तिच्या हातात काहीतरी आलं. दोरीचं टोक. ओलं, जाड, तागाचं.

दोरी ताणली गेली.

धुक्यात, पलीकडचं टोक धरून, कोणीतरी चालू लागलं होतं.

दोन दिवसांनी मावशीचा फोन आला. तिने सगळं सांगितलं, खापरांचंसुद्धा. मी शनिवारी पोहोचले. ती दारातच बूट घालून उभी होती. लिंबाचा चहा टेबलावर तसाच गार झालेला.

"चल, उशीर होतोय. ते थांबलेत," ती म्हणाली.

मी तिच्यामागे धुक्यातून टेकडीवर गेले. वाळूत विलोच्या झाडाच्या काठ्यांच्या खुंट्या ठोकल्या होत्या. ओळीने. मधोमध चौकोनी मोकळी जागा, भोवती गल्ल्या. एक्केचाळीस घरांच्या जागा मी स्वतः मोजल्या. एकट्या एकाहत्तर वर्षांच्या बाईने, चार दिवसांत!

"मावशी, ती खापरं परत ठेव," मी म्हणाले. "आत्ता. मी उचलू लागते. आपण कुणाला सांगायचं नाही."

"आणि फलकावर त्याचं नाव वाचू? रोज?"

"वाच! काय मरशील का त्याने?"

"हो," ती म्हणाली. "त्यानेच मरेन."

तिने कमरेला गुंडाळलेली तागाची दोरी सोडली आणि एक टोक धुक्यात फेकलं.

ते खाली पडलं नाही...

दोरी ताठ झाली. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं. मावशी मात्र शाळेत फळ्यावर आखावं तशी शांतपणे मोजत होती. चौकाच्या कोपऱ्यावर सगळ्यात मोठी जागा आखून झाली. तिने कान देऊन काहीतरी ऐकलं.

आणि तिचा चेहरा उतरला.

"काय झालं?"

"ही कुणाची, मी विचारलं. म्हणाले, इरेकची. आम्हाला त्यानेच शोधलं, म्हणाले." तिचा आवाज चिरकला. "राबतेय मी! आणि चौकातली जागा त्याला?"

"मावशी... इरेक जिवंत आहे."

ती खुंटी ठोकत राहिली.

बुधवारी दुपारी इरेक खुर्चीत बसल्या बसल्या गेला. आजारी नव्हता. सकाळपासून घराबाहेर पडला नव्हता, असं शेजारीण म्हणाली. त्याच्या कुरणातली माती काळी, चिकट. पण पायांतल्या बुटांना वाळू होती... पिवळी, कोरडी.

दफनाच्या वेळी मावशी ढसाढसा रडली. लोकांना वाटलं, बालमित्र गेला. मी शेजारी उभी होते, मला ऐकू आलं.

"जिवंतपणी फोटो. मेल्यावर चौक. सगळं यालाच."

मी तिला माझ्याकडे चल म्हणून हातापाया पडले. तिने ऐकलं नाही. फलक लागला, त्यावर तिचं नाव लागलं. तिने त्याच्याकडे मान वर करून पाहिलंसुद्धा नाही, असं कळलं. रोज दुपारी दोरी घेऊन टेकडीवर. मी फोन केला की एकच धोशा. "मला अजून देत नाहीत गं."

आज संध्याकाळी तिचाच फोन आला. कितीतरी महिन्यांनी आवाज खुशीत होता.

"मिर्का, मिळाली! इरेकच्या अगदी समोर. आणि ऐक, मी स्वतः मोजली. त्याच्यापेक्षा दोन हात मोठी आहे."

मागे कुठेतरी पाण्याचा आवाज येत होता. छप. छप.

"मावशी, कुठे आहेस तू? घरी जा!"

"घरीच तर आलेय," ती म्हणाली, आणि फोन बंद झाला.

तेव्हापासून मी लावतेय. रिंग वाजते, कोणी उचलत नाही. सकाळच्या पहिल्या गाडीचं तिकीट काढलं आहे. टेकडीवर आधी जावं की घरी, ते मात्र अजून ठरत नाही.