फ्रिजवरचा मठ

आराक्सीआजींच्या पॅरामॅटातल्या स्वयंपाकघरात, फ्रिजच्या वर, नुसता खिळा उरला होता. फोटो गेला होता.

"मठाचा तेवढा एकच फोटो," आजी मास्कआडून कडाडल्या. "माझ्या आजोबांनी काढलेला. आमचं आर्मेनियन गाव आता तुर्कस्तानात आहे. आधी माणसं मारली, मग मठ जाळला, मग सुरुंगाने उडवला. दगड गोठ्यांना लावले. आणि आता म्हणतात, इथे मठ नव्हताच!"

उद्या सिडनीत क्रूस कोरलेल्या एका दगडाचा ऑनलाइन लिलाव होता. जाहिरातीत लिहिलं होतं, 'मूळ ठिकाण अज्ञात'. फोटोत तोच दगड मठाच्या दाराशी उभा होता. आज पाचपर्यंत मूळ फोटो दाखवला तरच लिलाव थांबणार होता.

"विकणारा कोण?" चारुताने विचारलं.

"नाव सांगत नाहीत. भाचा वाहान म्हणतो, आंटी, भांडू नकोस. तोही जुन्या वस्तूंच्याच धंद्यात आहे ना."

चारुता लायसन्सवाली डिटेक्टिव्ह. तिचा चुलतभाऊ यतीन आयटीतला. लॉकडाऊनमध्ये घरी बसून तिच्या केसेस दोन मिनिटांत सोडवायचा, बहुतेक चुकीच्या.

"घराची किल्ली दोघांकडे," तो म्हणाला. "वाहान आणि आजींची देखभाल करणारी सरिता. वाहान पंचवीस किलोमीटरवर राहतो, लॉकडाऊनमध्ये पाच किलोमीटरच्या पुढे जायला बंदी. म्हणजे सरिता."

"कोडपण असंच लिहितोस का रे?"

"मी कशाला नेईन, ताई?" सरिता तडकली. "जूनमध्ये चर्च बंद झालं, त्या रविवारी मीच तो हॉलमधून काढून इथे लावला. प्रार्थनेला आजींना पूर्वेकडेच तोंड हवं, त्यांच्यात तशी रीत आहे. लॅपटॉप फ्रिजला टेकवतात, झूम लावतात, वर मठ."

चारुताने मोबाइलवर दिशा पाहिली. फ्रिजची भिंत पूर्वेची होती. हॉलच्या भिंतीवरचा फिका चौकोन पाहिला.

"आजी, वाहानला फोनवर काय सांगितलंत?"

"'फोटो गेला, ये.' पुढे बोलवेना."

वाहान आला आणि ड्राइव्हवेतच थांबला. "आंटीने बोलावलं म्हणून आज परवानगी काढून आलो, पण आत येत नाही. मे महिन्यापासून इकडे फिरकलो नाही, नियम म्हणजे नियम." मग त्याने सरिताकडे बोट केलं. "हिला विचारा! फ्रिजच्या वर हात कुणाचा पोचतो? आंटी तर एवढीशी!"

यतीनने मान डोलावली. मुद्दा होता.

"मेमध्ये फोटो हॉलमध्ये होता," चारुता म्हणाली. "फ्रिजवर तो चर्च बंद झाल्यावर गेला."

"झूमवर पाहिला असेन."

"कॅमेरा फोटोच्या खाली, आजींच्या तोंडावर. त्या दिसतात, त्या काय बघतात ते दिसत नाही. तू इथे येऊन गेलास. तो पूर्वेच्या भिंतीवर का आला, हे तुला उमगलंच नाही, नाहीतर फ्रिजचं नाव काढलं नसतंस. घरातल्या कुठल्याही आर्मेनियन माणसाला उमगलं असतं. प्रार्थनेला पूर्वेकडे तोंड करून उभं राहणं तू केव्हाच सोडलंस. दगड तूच विकतोयस ना?"

"दगडच आहे तो! मी नाही तर दुसरा विकेल!"

"फोटो," चारुता म्हणाली. "नाहीतर आत्ता पोलीस."

गाडीच्या कप्प्यातून फोटो निघाला, चार घड्या घातलेला. यतीनने लिलाववाल्यांना व्हिडिओ कॉल लावला. पाचला बारा मिनिटं होती. आजींनी घड्या उलगडल्या. चीर घुमटाच्या मधोमध गेली होती. दाराशी दगड मात्र स्पष्ट होता.

"ज्यांनी जाळला, ज्यांनी उडवला," त्या वाहानला म्हणाल्या, "ते परके होते."

मग हात पुढे केला.

"किल्ली."