आखाजीचं पहिलं बोट

ही गोष्ट मला कोणी सांगितलेली नाही. माझ्याच घरात घडली आहे. गेल्या आखाजीला, नंदुरबारात, भर दुपारी.

रात्र नव्हती. अमावस्या नव्हती. बाहेर बेचाळीस डिग्री ऊन होतं.

ज्याला खोटं वाटेल त्याने खुशाल दुसरी पोस्ट वाचावी. मला फरक पडत नाही. मला फक्त हे कुठेतरी लिहून टाकायचं आहे.

मी रोशनी. यंदा दहावीत आहे. आठवीपर्यंत मी अशी होते की हजेरीला "हजर" म्हणतानाही घसा बसायचा. मग इतिहासाच्या फत्तेसिंग सरांनी मला पकडलं. त्यांनी सुट्टीच्या दिवशी सकाळी एक पायी फेरी सुरू केली होती. जुन्या नंदुरबारच्या गल्ल्यांमधून दीड तास चालायचं, सहा ठिकाणी थांबायचं, आणि शहरावर आलेली जुनी संकटं पाहुण्यांना सांगायची. लढाया, आगी, प्लेग. सरांनी दोन ठिकाणं माझ्याकडे दिली.

आणि मी सुटलेच! तीन महिन्यांत सहाही ठिकाणं माझी झाली. लोक माझे व्हिडिओ काढायचे. मला तर रस्त्यात ओळखायला लागले होते, खरंच.

त्याच वर्षी दिवाळीत माझे पप्पा गेले. शेतात मोटर चालू करायला गेले आणि तिथेच कोसळले. त्यानंतर घरात बोलणंच संपलं. आई अर्धी भाकरी खायची आणि ताट सारायची. मी बोलायचे ते फक्त फेरीत.

बाहेरच्या वाचकांना सांगते, आमच्याकडे अक्षय्य तृतीयेला आखाजी म्हणतात. त्या दिवशी पितर घरी येतात. नवीन मातीची घागर पाण्याने भरून गव्हाच्या राशीवर ठेवतात. तिच्यावर पाण्याचा छोटा लोटा, डांगर म्हणजे खरबूज, आंबे. मग उंबरठ्यावर कुंकवाचं एकेक बोट ओढायचं आणि एकेका पितराचं नाव घेऊन त्याला बोलवायचं. ज्याला बोलावलं त्याला घास आणि पाणी द्यायचंच.

त्या वर्षी पप्पांची पहिली घागर होती.

आईने कधी पप्पांचं नाव घेतलेलं नाही, आणि आता ती कुंकवालाही हात लावत नव्हती. त्यामुळे बोट मी ओढायचं आणि नावही मीच घ्यायचं, असं ठरलं होतं. आई आठ दिवसांपासून एकच वाक्य बोलत होती.

"नाव नीट ले बेटा. तेस्ले ऐकू जावाले पाहिजे." म्हणजे, त्यांना ऐकू गेलं पाहिजे.

पूजा दहा वाजता होती. आणि सकाळी आठ वाजता माझी फेरी होती.

हो, आखाजीलाच. नाशिकहून बारा जण आले होते आणि सर त्यांच्या गावी, तळोद्याकडे गेले होते. पहिल्यांदाच मी एकटी. सोबत माझी मैत्रीण रविना, मागे पाण्याच्या बाटल्या घेऊन.

पाचवं ठिकाण म्हणजे ते घर. गल्लीचं नाव मी मुद्दाम सांगत नाही. दगडी उंबरठा, जाड दार, दाराला गंजलेलं कुलूप. वळचणीला पन्नासेक कबुतरं.

तिथली गोष्ट अशी. प्लेगच्या वेळी लोक शहर सोडून बाहेर माळावर झोपड्या बांधून राहायचे. या घरातली माणसंही गेली. पण घरातल्या एका बाईला ताप होता. तिला आतच ठेवलं आणि बाहेरून कडी लावली. शेजारची म्हातारी दोन दिवस ऐकत होती... आतून बाई पाणी मागत होती.

तिसऱ्या दिवशी आवाज बंद झाला.

सर प्रत्येक वेळी सांगायचे, "याला कागद नाही, ऐकीव आहे. त्या बाईचं नावही कोणाला माहीत नाही." मीही तेवढंच सांगायचे.

त्या दिवशी गॉगलवाले एक काका म्हणाले, "ताई, एवढ्या उन्हात चालवलंस आणि बाईला साधं नावही नाही? मजा नाही आली."

सगळे हसले.

मला ते लागलं. आणि माझ्या पिशवीत कुंकवाची पुडी होती. घरच्या पूजेसाठी सकाळीच घेऊन ठेवलेली.

"नाव आहे," मी म्हटलं. "आणि आज आखाजी आहे. आज बोलावलं तर येतात."

मी बाटलीतल्या थेंबाने कुंकू ओलं केलं. उंबरठ्यावर बोट ओढलं. आणि स्टेजवर टाकतात तसा मोठा आवाज टाकला.

"सुंदरबाई! घरी या!"

नाव मी तिथेच बनवलं होतं. डोक्यात आलं ते.

काकांनी टाळ्या वाजवल्या. एक मावशी "बाई गं" म्हणून दोन पावलं मागे सरकल्या. मी तर खूश!

मग माझ्या लक्षात आलं...

कबुतरं गप्प झाली होती.

उडाली नव्हती. सगळी वळचणीलाच बसून होती. पण एकही घुमत नव्हतं.

रविनाने माझी ओढणी ओढली. "काय करी ऱ्हायनी तू? बलावं तं बलावं, आते तिले पानी तं दे."

"अगं, खोटं नाव आहे ते," मी कुजबुजले. "चल, सहावं ठिकाण राहिलंय. घरी पूजा आहे माझी."

बाटली रविनाच्या हातातच होती. मी पाणी दिलं नाही.

दहाला पाच मिनिटं असताना मी घरी पोहोचले. पप्पांचे भाऊ धीरजकाका धोतर नेसून तयार होते. घागर भरून ठेवली होती. आई दाराशी बसली होती, चेहरा असा की आता एसटीतून कोणी उतरणारच आहे.

मी कुंकवाची वाटी घेऊन उंबरठ्याशी वाकले.

उंबरठ्यावर आधीच एक बोट ओढलेलं होतं.

ओलं.

"आई, तू ओढलंस?"

"मी काबर ओढू?"

काकांनी? नाही. काकू तर तळोद्याला माहेरी होती.

काका म्हणाले, "वेळ नको करू. नाव ले."

मी त्या बोटाच्या शेजारी दुसरं बोट ओढलं. पप्पांचं नाव घेतलं. अगदी नीट, मोठ्याने. आईने डोळे मिटून हात जोडले.

काकांनी विस्तवावर घास टाकला. जेवणं झाली. खापरावरच्या पुरणपोळ्या होत्या, आमरस होता. आईने नेहमीसारखं अर्ध्यावर ताट सारलं. काका शेताकडे निघून गेले.

दीड वाजला असेल. आई मागच्या ओट्यावर भांडी घासत होती. मी मधल्या खोलीत आडवी पडले होते. घागर पुढच्या खोलीत. शेजारी निंबाला झोका बांधला होता, मुली झोक्यावर आखाजीची गाणी म्हणत होत्या.

लाईट गेली. पंखा थांबला.

मग गाणं थांबलं. ओळीच्या मधेच.

मागे भांड्यांचा आवाज येईना. कुत्रं नाही, मोटरसायकल नाही. एवढं शांत नंदुरबार मी कधी ऐकलेलं नाही.

आणि पुढच्या खोलीतून...

गट्... गट्... गट्...

कोणीतरी पाणी पीत होतं. घाईने. श्वास न घेता.

माझ्या छातीत एकदम भरून आलं. पप्पा! शेतातून आले की ते असेच उभ्याने तांब्या संपवायचे. मी उठून बसले. हसतच होते मी, शप्पथ.

मग दुसरा आवाज आला.

किण्... किण्...

काचेच्या बांगड्या.

आईचे हात दिवाळीपासून मोकळे आहेत. माझ्या हातात घड्याळ होतं.

आणि माझे पप्पा बांगड्या घालत नव्हते.

पंखा फिरायला लागला, बाहेर गाणं पुढच्या ओळीपासून सुरू झालं, तेव्हा मी पुढच्या खोलीत गेले.

कोणी नव्हतं. लोटा रिकामा. घागर चार बोटं उतरलेली.

नवीन घागर पाझरते, मलाही माहीत आहे. पण पाझरली की खाली ओल येते. मी खालच्या गव्हात हात घातला... गहू खडखडीत कोरडे.

तेवढ्यात आई ओले हात पुसत आली. तिने लोटा पाहिला. घागरीत डोकावली. आणि मटकन खाली बसली.

"उनात... उनात वं रोशनी! तुन्हा पप्पा उनात! पानी पिई गयात!" उनात, म्हणजे आले.

ती रडत होती आणि हसत होती. मग स्वयंपाकघरात गेली, आणि उभ्याउभ्याच एक अख्खी पुरणपोळी खाल्ली. आणखी एक घेतली.

सहा महिन्यांत पहिल्यांदा.

सांगायला निघाले होते, ते सोडून मी तिला आमरस वाढला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी रविनाला घेऊन त्या घराकडे गेले. कळशीभर पाणी नेलं. म्हटलं, चुकलं माझं, आता देते.

उंबरठ्यावर माझं बोट नव्हतं. पुसल्याची खूणही नव्हती. बारा जणांच्या समोर ओढलेलं बोट, आणि तिथे नुसती जुनी धूळ.

वर कबुतरं मजेत घुमत होती.

मी सगळं पाणी ओतलं. रविना दाराला कान लावून उभी राहिली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली,

"आते आठे कोनीच नही." आता इथे कोणीच नाही.

त्यानंतर मी फेरी सोडली. सर दोनदा घरी येऊन गेले. मी दहावीचं कारण सांगितलं.

आईने मात्र एक नवीन सवय लावून घेतली आहे. रोज दुपारी ती पुढच्या खोलीत लोटा भरून ठेवते आणि मागे कामाला जाते. लोटा रोज रिकामा होतो. आई आता पोटभर जेवते. मोगऱ्याचं रोप लावलंय. शेजारच्या कौसाबाईंशी हसून बोलते. तिला मी काय सांगू? की मी पप्पांच्या आधी दुसऱ्याच कोणाला तरी बोलावलं? आणि जिला बोलावलं ती कोण, हे मलाही माहीत नाही?

कारण नाव तर मी बनवलं होतं. मग आलं कोण?

आता कालचं सांगते, म्हणूनच लिहायला बसले.

काल रविवार. दुपार. आई मागे. मी मधल्या खोलीत पुस्तक उघडून बसले होते. पुढचं दार उन्हामुळे लावलेलं, आतून कडी.

दाराबाहेर कोणीतरी चप्पल आपटून माती झटकली.

थप्. थप्.

आमच्या घरात असं एकच माणूस करायचं. दोनदाच. तिसऱ्यांदा कधी नाही.

मी धावत दाराशी गेले. कडीला हात लावला...

आणि माझ्या मागे, खोलीत, अगदी जवळ...

किण्.

माझा हात तिथेच राहिला. वर गेला नाही, खाली आला नाही.

बाहेर परत चपला वाजल्या. थप्. थप्. जरा हळू. मग कोणीतरी थोडा वेळ नुसतं उभं राहिल्यासारखं वाटलं. दाराच्या फटीखाली सावली होती.

मग पावलं वाजली. ओट्यावरून खाली... गल्लीत... लांब.

मी कडी काढली तेव्हा रस्त्यावर नुसतं ऊन होतं.

मागून आई आली. लोटा उचलून उलटा केला. एक थेंबही पडला नाही. ती माझ्याकडे बघून छान हसली.

"देख," ती म्हणाली, "आज बी उनात."