अर्ध्या मिनिटाची शांतता

अक्षताच्या लग्नाला अडीच महिने झाले होते, आणि त्यातले सहा आठवडे नवरा दरडींच्या गावांत होता. डोंगर कसे खचतात यावर शरणबसव माहितीपट करत होता. तो तिकडून रोजचं चित्रीकरण पाठवायचा. अक्षता सोलापुरात बसून ते ऐकायची आणि कोण काय बोललं ते वहीत उतरवायची. माहेरी कुणी विचारलं की सांगायची, "भेटतात की रोज. लॅपटॉपवर."

त्या दुपारी तिनं खिडक्या लावून घेतल्या, कानांवर हेडफोन चढवला. बाहेर ढग नुसते दाटून राहिलेले, खोलीत जीव घुसमटवणारा उकाडा. स्वयंपाकघरात सासूबाई शेंगाचटणी कुटत होत्या.

फाइल तासाभरापूर्वीचीच होती. पडवीत बसलेले ज्ञानबा नावाचे म्हातारे कॅमेऱ्याकडं न बघता, मागच्या डोंगराकडं बघत सांगत होते.

"दरड यायच्या आदी हाक येती. आवाज घरच्याच माणसाचा. पण जितं माणूस तीनदा हाक मारतंय. ही एकदाच येती. ओ द्यायची न्हाय."

"आणि दिली तर?" शरणनं विचारलं.

"आमच्या थोरल्यानं दिली की. त्यो अजून घावला न्हाय."

मुलाखत संपली. आवाज टिपणारा तिप्पण्णा नेहमीप्रमाणे म्हणाला, "आता अर्धा मिनिट कुणी बोलू नका." प्रत्येक जागेची नुसती शांतता तो टिपून ठेवायचा. पुढं बोलण्यातल्या फटी बुजवायला ती लागते. अक्षता ती कधी ऐकत नसे. आज पेन शोधण्याच्या नादात चालूच राहिली.

पाऊस. पागोळ्या. मग पावसाच्या आतून, अगदी हळू...

"अहो..."

तिचाच आवाज.

"ओ," शरण बोलून गेला.

"कोण बोललं?" तिप्पण्णा वैतागला. "परत घेऊ."

दुसऱ्यांदा टिपलेल्या शांततेत पाऊस नव्हता, पागोळ्या नव्हत्या. काहीच नव्हतं.

अक्षतानं फोन लावला. लागेना. तिप्पण्णाचा लागेना. पुन्हा शरणचा. पुन्हा. बोटं घामानं काचेवरून घसरत होती.

"लागला का गं?" आतून सासूबाई.

"लागेल की, अत्ती," ती म्हणाली. आवाज कसाबसा सरळ ठेवला.

कितव्या खेपेला कोण जाणे, पलीकडं घंटी वाजली.

"अहो, बाहेर पडा! त्या घरातनं सगळे बाहेर पडा, आत्ताच्या आत्ता!"

"बाहेर?" शरण हसला. "तूच तर आत बोलावलंस."

"मी? कधी?"

"मघाशी. म्हणून तर मागच्या खोलीत आलो. लई काळोख हाय इथं... पण अक्षता, तू फोनवर कशी? तू तर इथं..."

भरलेला ट्रक जवळून जावा तशी घरघर आली. मग फोन मुका झाला.

ती पुन्हा नंबर दाबत होती, तेवढ्यात स्वयंपाकघरातलं कुटणं थांबलं.

"ओ! आले रे शरण, आले!"

सासूबाई पदराला हात पुसत लगबगीनं दाराकडं निघाल्या. तोंड उजळलेलं. अक्षताला हाकबिक काहीच ऐकू आलं नव्हतं.

"अत्ती... किती वेळा हाक आली?"

"एकदाच. आईला एकदा पुरती की," त्या म्हणाल्या आणि त्यांनी कडी काढली.