तिसरं लुगडं

नवं लुगडं जुनं करावं तर सावळेरामनेच. चहाच्या पाण्यात बुडवायचं, दगडाने घासायचं, उन्हात टाकायचं. चार दिवसांत वीस वर्षं नेसल्यासारखं दिसायचं. मूळचा तो चित्रकार, पण पोट भरलं ते सिनेमाच्या कपड्यांवर. यंदा सिनेमावाले त्याच्याच गावात, डिंभ्याच्या धरणावर आले. त्यांना बुडून मेलेल्या बाईचं लुगडं हवं होतं.

सावळेरामच्या डोळ्यांपुढे साळूच्या लुगड्याशिवाय दुसरं येईचना. साळू त्याची धाकटी बहीण. पंचवीस वर्षांपूर्वी धरणात गेली. "मी त्या दिवशी जुन्नरला व्हतो," असं त्याने आईला सांगितलं ते आजतागायत. खरं तर तिला गुडघाभर पाण्यात उभं करून तोच चित्र काढत होता. "मागं सर. अजून जरा मागं," म्हणत होता. मागे खोल होतं. ह्या मेल्याने कुणाला हाकसुद्धा मारली नाही, पळाला. तेव्हापासून जगात त्याला एकच भीती, आईला कळायची.

लुगडी दोन केली. नटीला एक, तिच्या डुप्लिकेटला एक. हिरवा रंग, तांबडे काठ, सगळं हुबेहूब. पदराचं ठिगळ तेवढं त्याने मुद्दाम गाळलं. ते आईने त्याच सकाळी लावलेलं. जुन्नरला गेलेल्या माणसाला ते कसं ठाऊक असणार?

दुपारी जेवायला घरी आला, तर आंधळी आई, चिमाबाई, ओसरीवर बसलेली. मांडीवर हिरवं लुगडं. बोटं पदरावरून फिरत होती.

"सावळ्या, ह्ये ठिगळ तुला कसं ठावं?"

"कसलं ठिगळ, आये?"

"माझ्या हातचा टाका हाय ह्यो. कुंपणाच्या तारंत पदर फाटला, तवा त्या सकाळी घातला. तू तर जुन्नरला व्हतास न्हवं?"

त्याने अंगणात पाहिलं. दोरीवर दोन लुगडी वाळत होती. दोन्ही जागच्या जागी.

आईच्या मांडीवरून पाणी ठिबकत होतं.

"कुणी दिलं तुला ह्ये?"



फरशीवर ओली पावलं होती. फाटकातून ओसरीवर, ओसरीवरून आतल्या खोलीत, त्याच्या चित्राच्या स्टँडपर्यंत. पावलांची बोटं मात्र सगळी फाटकाकडे.

चिमाबाईने आतल्या खोलीकडे कान दिला.

"कवाची उभी हाय बिचारी," ती म्हणाली. "इचारती, दादा, अजून मागं सरू का?"